पाणी आहे तिथे माणूस, इतकं सरळ नाही

लोकसंख्या कुठे आणि का वाढते यावरचा लेख वाचला. त्यात म्हटलंय की पाणी आणि सपाट जमीन मिळाली की वस्ती वाढते. नाईलचं उदाहरण चपखल आहे, इजिप्तची जवळजवळ सगळी लोकसंख्या त्या हिरव्या पट्ट्यातच राहते. पण मग आग्नेय आशियातल्या बोर्निओ बेटाचं काय? तिथे पावसाला तोटा नाही. शेजारचं जावा बेट आकाराने त्याच्या पाचव्या-सहाव्या हिश्शाएवढं, तरी तिथे १५ कोटींच्या वर माणसं राहतात आणि बोर्निओवर अडीच कोटींच्या आसपास. मोठा फरक मातीचा. जावात ज्वालामुखींची राख पडून पडून जमीन कसदार झाली, भाताची पिकं निघत राहिली. बोर्निओत बऱ्याच ठिकाणी पावसानेच मातीतला कस धुऊन नेला, आणि किनाऱ्याकडे दलदल. ज्या डोंगराच्या स्फोटाची भीती, त्याच्याच उतारावर लोक दाटीने राहतात, कारण पोट तिथे भरतं.

दुसरं म्हणजे, काही शहरं निसर्गाच्या नाकावर टिच्चून उभी राहतात. बोलिव्हियातलं पोतोसी सुमारे ४,००० मीटर उंचीवर, थंड, उजाड. १५४५ मध्ये चांदी सापडली आणि सतराव्या शतकाच्या सुरुवातीला वस्ती लाखाच्या पुढे गेली. धान्य खालून लामा या ओझी वाहणाऱ्या प्राण्यांच्या आणि खेचरांच्या पाठीवरून यायचं. चांदी आटली, माणसं पांगली.

आणि लोकसंख्येची ‘वाढ’ म्हणजे फक्त जन्म असं लेखक धरून चालले आहेत. विसाव्या शतकातली वाढ मुख्यतः मरण कमी झाल्यामुळे आहे! लस, शुद्ध पाणी, रासायनिक खत यांना एक परिच्छेद तरी द्यायला हवा होता.