ऑर्लोफस्की, घड्याळ आणि कॅमेरा

ताई, नमस्कार. तुम्ही एवढं सविस्तर लिहिलंत, म्हणून उत्तरही जरा ऐसपैस देतो. ‘डी फ्लेडरमाउस’ या ऑपरेटावर, म्हणजे हलक्याफुलक्या संगीतनाट्यावर, ऑटो शेंकने १९७२ साली टीव्हीसाठी केलेल्या चित्रपटाचं मी माझ्या लेखात भरभरून कौतुक केलं होतं. तुमचं म्हणणं, ऑर्लोफस्की या राजपुत्राची भूमिका पुरुषाला देऊन आणि सगळं प्लेबॅकवर उरकून त्याने योहान स्ट्राउसच्या ऑपरेटाची पार माती केली.

ऑर्लोफस्कीबद्दल निम्मं मान्य. १८७४ मध्ये व्हिएन्नात पहिला प्रयोग झाला तेव्हापासून ती भूमिका बाईच्याच आवाजासाठी आहे. कोवळ्या वयात सगळ्याला विटलेला राजपुत्र आणि त्याला बाईचा गळा, ही गंमत टेनरच्या, म्हणजे उंच पट्टीत गाणाऱ्या पुरुषाच्या आवाजात येत नाही, खरंय. पण चित्रपटात ऑर्लोफस्की झालेला टेनर वोल्फगांग विंडगासेन तेव्हा पन्नाशी ओलांडलेला, जर्मन संगीतकार वाग्नरच्या ऑपेरांमधल्या नायकांच्या भूमिकांमध्ये मुरलेला. त्याच्या चेहऱ्यावरचा कंटाळा मला आतून आलेला वाटतो.

प्लेबॅकचं मात्र अजिबात पटलं नाही. दुसऱ्या अंकातलं घड्याळाचं युगुलगीत आठवा. नायक आयझेनश्टाइन खिशातलं किणकिणणारं घड्याळ नाचवत मुखवट्यातल्या हंगेरियन सरदारणीला भुलवतोय, आणि ती त्याचीच बायको. ठोके मोजायच्या मिषाने ती घड्याळ हातात घेते ते परत देतच नाही. तिसऱ्या अंकात नवरा तिच्यावरच डाफरतो, तेव्हा पुरावा म्हणून तेच घड्याळ त्याच्या डोळ्यांपुढे धरते. बाल्कनीतून हे घड्याळ म्हणजे चकाकता ठिपका, म्हणून रंगमंचावर हातवारे मोठे करावे लागतात. कॅमेऱ्यापुढे तिची बोटं नुसती मिटली तरी डाव कळतो. पण वरचे सूर लावताना जबडा ताणलेला, मानेच्या शिरा फुगलेल्या असताना हा बारीक अभिनय करायचा कसा? आधी संगीतसंचालक कार्ल ब्यॉम आणि व्हिएन्ना फिलहार्मोनिक या वाद्यवृंदाबरोबर गाणं ध्वनिमुद्रित करून घेतल्यामुळेच बायको झालेली गुंडुला यानोवित्स आणि आयझेनश्टाइन झालेला एबरहार्ड वेश्टर यांचे चेहरे मोकळे राहिले. ओठ एखाद्या ठिकाणी पुढेमागे होतात, ती किंमत मी आनंदाने मोजेन.

फ्रॉशच्या प्रवेशाबद्दल तुम्ही एकच ओळ लिहिलीत, ‘रटाळ’, आणि तिथे मी तुमच्या बाजूने आहे. हा दारुडा तुरुंगरक्षक गात नाही, नुसता बोलतो, आणि ते काम शेंकने स्वतः केलंय. नाट्यगृहात फ्रॉश वाक्य टाकून थांबतो, हशा ओसरला की पुढचं बोलतो. टीव्हीसमोर घरात एकटं बसल्यावर तेच थांबे लांबट लागतात. तिथे कात्री चालवायला हवी होती, आणि हे मी मूळ लेखातच लिहायला हवं होतं.