आमच्या आक्कासारखी बाई सिनेमात कधी दिसणार?

आक्का म्हणजे माझी आत्या. वय ७१. कोल्हापूरच्या मंगळवार पेठेत तिचा चटणीचा डंक आहे, म्हणजे मिरची कुटून द्यायची गिरणी. उन्हाळा लागला की सकाळी सातपासून दारात डब्यांची रांग. संकेश्वरी किती, ब्याडगी किती, खोबरं भाजलंय की करपलंय, नुसत्या वासावरून सांगते. दिवस मावळेपर्यंत तिच्या पापण्यांवरसुद्धा लाल भुकटी बसलेली असते. मामा, म्हणजे तिचे यजमान, गेले तेव्हा ती ४४ची होती. महिन्याभरात तिनं डंक परत सुरू केला, आणि रंगीत लुगडं सोडलं नाही. भावकी बोलायची ती बोलली.

अशी बाई मला सिनेमात कधी भेटलीच नाही. भेटली ती पांढऱ्या साडीतली, खोकणारी, पोराच्या वाटेकडं डोळे लावून बसलेली.

अभिनेत्री सुलोचनादीदी तर आपल्या. इथल्या जयप्रभा स्टुडिओत दिग्दर्शक भालजी पेंढारकरांच्या हाताखाली घडल्या, १९५३च्या ‘वहिनींच्या बांगड्या’त नायिका होत्या. १९७० साली ‘जॉनी मेरा नाम’मध्ये त्या प्राण आणि देव आनंद यांच्या आई झाल्या. प्राण १९२०चे, देव आनंद १९२३चे, दीदी १९२८च्या! दोन्ही मुलं आईपेक्षा वयानं मोठी. दीदींनी ती आईसुद्धा जीव ओतून केली. माझा राग लिहिणाऱ्यांवर आहे. चाळिशी ओलांडली की बाईचं एकच काम उरतं, नायकासाठी रडायचं, हे त्यांनी ठरवून टाकलं.

आता बदलतंय, आणि मला त्याचा खरंच आनंद आहे. ‘बधाई हो’तली नीना गुप्ता, ‘अग्गंबाई सासूबाई’ मालिकेत निवेदिता सराफ यांची सासू, जिचं लग्न सूनच लावून देते. २०२२ साली आपल्या शिरोळ तालुक्यातल्या हेरवाडनं विधवा प्रथा बंद करायचा ठराव केला. पुढच्याच वर्षी ‘बाईपण भारी देवा’ आला. आक्काला घेऊन गेले होते. नऊवारी, नथ, गजरे, सगळं थिएटर बायकांनी भरलेलं. मंगळागौरीच्या खेळांना आक्का खुर्चीतल्या खुर्चीत टाळ्या वाजवत होती.

रिक्षात बसल्यावर म्हणाली, “लई ग्वाड हाय गं पिच्चर. पर माझ्यागत धंदा करणारी म्हातारी कुणी दावत न्हाई बघ.”

तेव्हापासून तेच डोक्यात आहे. पडद्यावरच्या म्हातारीला आता हसू मिळालं, नाच मिळाला, दुसरं लग्नही मिळालं. रोजगार मिळाला का? तिच्या नावावर जागा, तिच्या हातात गल्ल्याची किल्ली, उधारी बुडवणाऱ्याच्या दारात जाऊन बसणारी बाई कुठं आहे? आक्काचा मुलगा चार वर्षं मागं लागलाय, डंक बंद कर, जागा भाड्यानं देऊ. ती ऐकत नाही. गुडघे दुखतात, पट्टा बांधून उभी राहते. यात सिनेमा नाही असं कोण म्हणेल?

कोल्हापुरात लिहिणारी, शॉर्टफिल्म करणारी पोरं-पोरी ढिगानं आहेत. मार्चमध्ये एक दिवस डंकावर येऊन बसा. नाकाला रुमाल तेवढा आणा. चहा आक्का देईल.