लंडनवरचे बॉम्ब आणि ५७६ चौकोन

नसलेले आकार आपल्याला कसे दिसतात, यावरच्या तुमच्या लेखात ढगांत आणि मंगळावर दिसणाऱ्या चेहऱ्यांबद्दल छान लिहिलंय, पण आकड्यांतली अशीच फसगत राहून गेली. मला तीच जास्त घातक वाटते. १९४४ साली जर्मनीचे उडते बॉम्ब लंडनच्या काही भागांतच पुन्हापुन्हा पडतात, म्हणजे नेम धरूनच मारतात, असं अनेकांना वाटत होतं. विम्याचं गणित करणारे आर. डी. क्लार्क यांनी दक्षिण लंडनचे पाव-पाव चौरस किलोमीटरचे ५७६ चौकोन पाडून ५३७ बॉम्ब मोजले. २२९ चौकोन कोरे, म्हणजे एकही बॉम्ब न पडलेले, निघाले. निव्वळ योगायोगाच्या हिशोबाने २२७ यायला हवे होते! म्हणजे नेम धरल्याची खूण कुठेच नव्हती; योगायोगाचेही पुंजके होतातच. एका गल्लीत कॅन्सरचे चार रुग्ण निघाले की लगेच मोबाईल टॉवरवर खापर फुटतं. तपास जरूर करा, पण हे गणित शाळेतच शिकवायला हवं.