पॉल केनेडींचं ‘चुकलेलं भाकीत’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. प्रतिक्रिया तिखट आहे, पण पुस्तक वाचून लिहिलेली आहे, म्हणून उत्तर जरा लांबतंय. तुमचं म्हणणं असं की, इतिहासकार पॉल केनेडींनी ‘द राइज अँड फॉल ऑफ द ग्रेट पॉवर्स’ या महासत्तांच्या उदयास्तावरच्या पुस्तकात १९८७ साली अमेरिका उतरणीला लागल्याचं सांगितलं. प्रत्यक्षात चार वर्षांत सोव्हिएत युनियन कोसळलं आणि ज्याची चढती कमान त्यांनी रंगवली तो जपानही अडखळला. मग मी त्यांचे गोडवे कशाला गातोय?

जपानचं मान्य. भविष्याचा अंदाज बांधणारं शेवटचं प्रकरण तसंही सगळ्यात कच्चं. सोव्हिएत अर्थव्यवस्थेला लष्कराचा बोजा झेपत नाही हे त्यात आहे, पण ती इतक्या लवकर बसेल हे केनेडींनाही दिसलं नाही. अमेरिका कोसळेल असं मात्र ते कुठेच म्हणत नाहीत. १९४५च्या सुमारास जगातलं जवळपास निम्मं कारखानी उत्पादन तिच्याकडे होतं. बाकीचे देश युद्धातून सावरल्यावर हा वाटा घटणारच. वाटा घटला आणि जगभरच्या लष्करी जबाबदाऱ्या तेवढ्याच राहिल्या, तर खर्च कुठून भागणार, एवढाच त्यांचा सवाल.

खरा ऐवज स्पेनच्या प्रकरणात आहे. अमेरिका खंडातल्या वसाहतींतून चांदीची गलबतं येतायत आणि तरी स्पेनचा राजा दुसरा फिलिप १५७५ साली सावकारांची देणी थांबवतो. फ्लँडर्समधल्या, म्हणजे तेव्हा स्पेनच्याच ताब्यातल्या नेदरलँड्समधल्या, फौजेचा पगार आधीच थकलेला. नोव्हेंबर १५७६मध्ये या शिपायांनी अँटवर्प लुटलं, म्हणजे आपल्याच राजाचं भरभराटीचं बंदर! हजारो माणसं मेली. आठवडा उलटायच्या आत नेदरलँड्सचे एरवी भांडणारे प्रांत गेंट शहरात एकत्र आले आणि स्पॅनिश फौज हटवायचं ठरवून मोकळे झाले.

‘म्हणजे कर्ज काढलं की साम्राज्य बुडतं?’ मुळीच नाही. १७८३ साली ब्रिटन आणि फ्रान्सच्या डोक्यावर साधारण सारखंच कर्ज होतं. फ्रान्सला व्याज मात्र जवळजवळ दुप्पट पडायचं. लंडनच्या मागे पार्लमेंटची हमी होती, करवसुली चोख होती. व्हर्सायच्या, म्हणजे फ्रेंच दरबाराच्या, शब्दाला बाजारात तेवढी पत नव्हती. आपल्याकडचं उदाहरण हवं तर थोरल्या बाजीरावांनी आपले गुरू ब्रह्मेंद्रस्वामींना लिहिलेली पत्रं काढा. सावकारांच्या पाया पडून कपाळ झिजलं, अशी तक्रार करतोय तो माणूस, आणि तीही स्वाऱ्या जिंकत असताना!

पुस्तक युरोपकेंद्री असल्याची तुमची टीका मात्र अचूक लागू पडते. चीनचे मिंग, मुघल, तुर्कस्तानचे ऑटोमन यांची पहिल्या प्रकरणात बोळवण करून केनेडी जे युरोपात शिरतात, ते तिथेच रमतात. मराठे-इंग्रज झगड्यातली पैशाची बाजू हवी असेल, तर त्यांचा उपयोग नाही. त्यासाठी पेशवे दप्तरच गाठावं लागेल.