कॅमेराही स्वतःकडे ठेवणारा दिग्दर्शक

'कॅमेरामन दिग्दर्शक झाला की फ्रेम देखणी होते आणि गोष्ट हरवते,' असं आपल्याकडे सर्रास म्हटलं जातं. मला हे अजिबात मान्य नाही.

गोविंद निहलानींनी 'अंकुर'पासून श्याम बेनेगलांचे चित्रपट शूट केले आणि १९८० मध्ये 'आक्रोश' दिग्दर्शित केला. कॅमेरा स्वतःकडेच ठेवला, पटकथा मात्र विजय तेंडुलकरांची घेतली. ओम पुरींचा लहान्या भिकू जवळपास सगळा चित्रपट गप्प आहे. जे काही कळतं ते चेहऱ्यावरून आणि डोळ्यांत पडणाऱ्या उजेडावरून. अविनाश अरुण यांनी 'किल्ला' दिग्दर्शित करताना कथा आणि कॅमेरा स्वतःकडे ठेवले, पटकथेला तुषार परांजपे घेतले. २०१४ मध्ये बर्लिन चित्रपट महोत्सवात बाल परीक्षकांनी या चित्रपटाला क्रिस्टल बेअर पुरस्कार दिला. दोघांनीही लेखनात दुसरा माणूस सोबत घेतला, हे मला फार महत्त्वाचं वाटतं.

सेटवर खरी अडचण येते ती नजरेची. स्वतः ऑपरेट करताना डोळा फ्रेमच्या कडा, बूमची (नटांच्या वर धरलेल्या माइकच्या काठीची) सावली, फोकस यांतच अडकतो आणि नटाचा एक खोटा श्वास निसटतो. तो थेट एडिटला सापडतो. म्हणून आधी कॅमेऱ्याशिवाय तालीम करा, जमिनीवर टेपच्या खुणा मारा, मगच लाईट लावा. मॉनिटरवर सहदिग्दर्शक बसवा, त्याने फक्त अभिनय पाहायचा. टेक संपला की आधी त्याला विचारा. लाईटचा आराखडा गॅफरला, म्हणजे लाईट विभागाच्या प्रमुखाला, आदल्या संध्याकाळीच द्या. नाहीतर तुम्ही लाईटच्या स्टँडपाशी उभे आणि तिकडे नट पाऊण तास एकटा बसून थंड पडतो.

पावसात शूट असेल तर आणखी सांभाळा. पाऊस दिसतो तो मागून उजेड आणि पलीकडे गडद काही असेल तरच. समोरून सपाट उजेड आला की धारा गायब. एसी खोलीतून लेन्स थेट बाहेर काढली तर तिच्यावर वाफ धरते, आतल्या काचांवर धरली तर पुसताही येत नाही. पेटी बंदच ठेवून किमान अर्धा तास बाहेरच्या हवेत राहू द्या. ढग टिकून आहेत तोवर वाईड शॉट उरकून घ्या. ऊन आलं तरी क्लोजअप नंतर वर कापड ताणूनही जमतो, अख्ख्या अंगणावर कापड ताणता येत नाही.

लिहितानाही हे उपयोगी पडतं. 'रात्र, अंगण, पाऊस' या तीन शब्दांत पाण्याचा टँकर, उंचावरचा लाईट आणि अख्खी नाईट शिफ्ट आहे. ज्याने ती शिफ्ट काढली आहे, तो हे शब्द लिहिण्याआधी प्रसंगाला पाऊस खरंच हवा आहे का, हे पाहतो.