कोर्टाचा निकाल येईपर्यंत निवडणूक होऊन जाते
“अन्याय वाटला तर कोर्ट आहेच” हे मतदानाच्या नियमांवरच्या एका लेखातलं वाक्य अमेरिकेत, टेक्सासमधल्या ह्यूस्टनमध्ये बसून वाचताना अजिबात पटलं नाही. इथल्या १९६५च्या मतदान हक्क कायद्यामुळे टेक्साससारख्या राज्यांना निवडणुकीचे नियम बदलण्याआधी केंद्राची किंवा वॉशिंग्टनच्या कोर्टाची मंजुरी लागायची. २०१३ मध्ये सुप्रीम कोर्टाने ५ विरुद्ध ४ मतांनी ती अट निकामी केली आणि त्याच दिवशी टेक्सासने तोवर अडलेला, मतदानाला ठरावीक फोटो ओळखपत्र सक्तीचं करणारा कायदा लागू होत असल्याचं जाहीर केलं. त्यात पिस्तुलाचा परवाना चालतो, सरकारी विद्यापीठाचं ओळखपत्र चालत नाही!

माझ्याकडे ड्रायव्हिंग लायसन्स आहे, मला काय फरक पडणार म्हणा. ज्यांच्याकडे नाही त्यांनी वकील गाठायचा, वर्षानुवर्षं खटला लढायचा. जिंकलेच, तरी मधल्या निवडणुका कोण पुन्हा घेणार?