एक स्टारच्या रिव्ह्यूला उत्तर

नमस्कार मॅडम, रिव्ह्यू दोनदा वाचला. तुम्ही लिहिलंय की आमच्या डीएनए टेस्टच्या साइटवरचं अकाउंट डिलीट करून तीन आठवडे झाले तरी मामेभावाच्या मॅचच्या यादीत, म्हणजे ज्यांचा डीएनए त्याच्याशी जुळतो त्यांच्या यादीत, तुमचं नाव दिसतंय, टेस्टसाठी दिलेली लाळेची ट्यूब अजून लॅबमध्येच आहे, म्हणजे आम्ही डेटा विकतो.

विकत नाही. पण बाकी दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत आणि चूक आमचीच. अकाउंट डिलीट करायला एक बटण आणि ट्यूब नष्ट करायला दुसरं, ते पण सेटिंगच्या पार तळाला बारीक अक्षरात, तिथपर्यंत जातंय कोण! आणि याद्या महिन्यातून एकदाच अपडेट व्हायच्या म्हणून नाव राहिलं. काल नाव काढलं, ट्यूब नष्ट केली, तारखेसकट मेल पाठवलाय. आता डिलीट दाबलं की सगळं एकदम जातं. डीएनए संशोधनाला वापरायला चालेल अशी जी टिक असते, तिच्याखाली जे आधीच वापरलं गेलंय ते मात्र परत काढता येत नाही, पुढे वापरणार नाही एवढंच.

‘माझा डीएनए कुठेच नको’ म्हणालात, ते माझ्या हातात नाही हो. मामेभावाशी तुमचा सरासरी साडेबारा टक्के डीएनए जुळतो, सख्ख्या भावाशी निम्मा, त्यांनी टेस्ट केली की तुमचाही तेवढा भाग आलाच, तुमची सही असो नसो. २०१८ मध्ये कॅलिफोर्नियातला गोल्डन स्टेट किलर नावाने ओळखला जाणारा खुनी लांबच्या नातेवाइकांच्या डीएनएवरूनच सापडला, त्याने स्वतः कुठल्याच साइटवर काही टाकलं नव्हतं. सापडला ते बरंच झालं, पण त्या नातेवाइकांना कोणी विचारलं होतं?

आणि २०२३ मध्ये ट्वेंटीथ्री अँड मी या अमेरिकेतल्या डीएनए टेस्टच्या कंपनीची सुमारे १४ हजार अकाउंट हॅकरनी उघडली, लोकांनी दुसऱ्या साइटवरही वापरलेले पासवर्ड टाकून, आणि नातेवाईक शोधायच्या फीचरमधून जवळपास ६९ लाख जणांची माहिती गेली. ज्यांचा पासवर्ड नीट होता तेही त्यात आले. हे माहीत असूनही आम्ही ती मॅचची यादी आपोआप चालू ठेवली होती, कारण खरं सांगायचं तर लोक त्यासाठीच किट घेतात. नवीन अकाउंटला आता ती बंद असते, ज्याला हवी त्याने चालू करावी.

स्टार वाढवा म्हणत नाही. मामेभावाला यादी एकदा उघडून बघायला सांगा, नाव अजून दिसलं तर त्याच मेलला रिप्लाय करा, मीच बघतो.